इन्फ्लुएन्सरचा वाद दोन दिवसांत एवढा का पेटतो, आणि पहिल्या ७२ तासांत नेमकं काय करायचं?

दुवाशोधक

प्रश्न जरा लांबलचक आहे, पण सगळं एकमेकांत गुंतलेलं असल्यामुळे एकत्रच विचारतो.

नेहमीचा क्रम असा दिसतो. तासाभराच्या लाइव्हमधला ३०-४० सेकंदांचा तुकडा कुणीतरी कापून टाकतं. पहिले चार-पाच तास सामसूम. मग एखादं मोठं खातं तो उचलतं, रात्रीपर्यंत दहा रिअॅक्शन व्हिडिओ येतात, दुसऱ्या दिवशी बातम्या, तिसऱ्या दिवशी माफीचा व्हिडिओ. आणि त्या माफीवर पुन्हा पहिल्यापासून सगळं. मूळ लाइव्ह पूर्ण पाहिलेला माणूस या गर्दीत शोधून सापडत नाही.

"लोकांना भांडणं बघायला आवडतात" हे उत्तर नको, ते ठाऊक आहे. प्लॅटफॉर्म नेमका कुठल्या टप्प्यावर हात लावतो? चार-पाच तास काहीच न होता अचानक भडका का उडतो? आणि एखाद्याचं खातं सांभाळणाऱ्या माणसाने अशा वेळी व्हिडिओ डिलीट करावा, कमेंट बंद कराव्यात, उत्तर द्यावं की गप्प बसावं? प्रत्येक मुद्द्यामागचं कारणही कळलं तर बरं.

---

आकडेमोड

सगळ्यात नेमका पुरावा ट्विटरचा (आताचं एक्स) आहे, कारण तो त्यांनी स्वतःच उघडा केला. मार्च २०२३ च्या शेवटी त्यांनी शिफारशींचा कोड गिटहबवर टाकला आणि सोबतच्या टिपणात वजनांचे, म्हणजे कुठल्या कृतीला किती महत्त्व त्याचे, आकडे दिले. लाइकला ०.५, रीट्वीटला १, उत्तराला १३.५. आणि त्या उत्तराला मूळ पोस्ट लिहिणाऱ्याने दाद दिली, तर ७५. उलट दिशेला "असं कमी दाखवा", म्यूट किंवा ब्लॉक यांना उणे ७४ आणि तक्रारीला उणे ३६९.

हे आकडे बघून लोक "एक उत्तर म्हणजे २७ लाइक" असा हिशोब मांडतात, तो चुकीचा आहे. मॉडेल आधी तुमच्याकडून ती कृती घडण्याची शक्यता वर्तवतं, त्या शक्यतेला वजनाने गुणतं आणि सगळ्यांची बेरीज करतं. उत्तर लिहिणं लाइकपेक्षा दुर्मीळ असतं, म्हणून त्याचं वजन मुळातच मोठं ठेवावं लागतं. आज तेच आकडे लागू असतील असंही नाही. पण रोख स्पष्ट आहे: "वा, सुंदर" आणि "लाज नाही वाटत का रे" ही दोन्ही या बेरजेत फक्त 'उत्तर' असतात. आणि खूश झालेला माणूस लाइक दाबून पुढे जातो. चिडलेला मात्र थांबतो, टाइप करतो, इतरांनी काय लिहिलंय ते वाचतो आणि आपल्याला कुणी उत्तर दिलंय का हे बघायला परत येतो. यातली प्रत्येक गोष्ट यंत्राच्या लेखी पसंतीच.

फेसबुकचं उदाहरण आणखी बोलकं आहे. २०१७ पासून तिथे रागाच्या इमोजीला साध्या लाइकच्या पाचपट वजन होतं. ते टप्प्याटप्प्याने उतरवत सप्टेंबर २०२० मध्ये शून्यावर आणलं. हे २०२१ मध्ये बाहेर आलेल्या त्यांच्या अंतर्गत कागदपत्रांतून कळलं. वजन शून्य केल्यावर त्रासदायक मजकूर कमी दिसू लागला आणि लोकांचा वापर मात्र घटला नाही, हेही त्याच कागदपत्रांत होतं. म्हणजे तो पाचाचा आकडा धंद्यासाठी लागतच होता असंही नाही!

आता तुमची "चार-पाच तास सामसूम". क्लिप सुरुवातीला छोट्या गटाला दाखवली जाते, तिथे चांगली चालली की मोठ्या गटाला, मग त्याहून मोठ्या. पहिला गट बहुतेक त्या माणसाच्या ओळखीतला असतो. त्यांना त्याची बोलण्याची ढब, जुनी थट्टा, तिरकसपणा माहीत असतो. ते बघतात आणि सोडून देतात. भडका उडतो तो क्लिप अशा वर्तुळात शिरली की, जिथे त्याचं नावही कुणी ऐकलेलं नसतं. तिथे त्या माणसाबद्दलची एकमेव माहिती म्हणजे ते ४० सेकंद. मोठं खातं उचलतं तेव्हा नेमकं हेच होतं: प्रेक्षकसंख्या वाढते हे खरं, पण त्याहून मोठा बदल म्हणजे प्रेक्षकांची जातकुळीच बदलते.

यूट्यूबचा मार्ग थोडा वेगळा. २०१२ मध्ये त्यांनी व्ह्यूजऐवजी बघण्याच्या वेळेला महत्त्व दिलं, समाधानाचे सर्व्हे वगैरे नंतर आले. चाळीस मिनिटांचा "सगळं प्रकरण पहिल्यापासून" छापाचा व्हिडिओ लोक खरंच शेवटपर्यंत बघतात. तो बघून ते मूळ माणसाचं नाव शोधतात, त्याचे दोन जुने व्हिडिओ उघडतात. दोन्ही एकाच बैठकीत पाहिले गेले, म्हणून यंत्र ते एकमेकांशेजारी सुचवू लागतं. त्यामुळे ज्याच्यावर टीका चाललीय त्याचेही व्ह्यूज चढतात, आणि "प्रसिद्धी ती प्रसिद्धीच" असा त्याचा गैरसमज होतो. त्यातला किती प्रेक्षक टिकतो ते दोन महिन्यांनी बघा.

आकडा स्वतःच तमाशा होतो ते वेगळं. मे २०१९ मध्ये मेकअप यूट्यूबर टाटी वेस्टब्रुकने दुसरा मेकअप यूट्यूबर जेम्स चार्ल्सवर ४३ मिनिटांचा टीकेचा व्हिडिओ टाकला आणि काही दिवसांत जेम्सचे सुमारे ३० लाख सबस्क्रायबर गेले. त्या काळात लोक त्याचा सबस्क्रायबर-आकडा उतरताना लाइव्ह बघत बसले होते, क्रिकेटचा स्कोअर बघावा तसे. त्याच वर्षी यूट्यूबने नेमका आकडा लपवून गोळाबेरीज दाखवायला सुरुवात केली.

---

कात्री

आकडेमोड यांनी वाटप कसं होतं ते सांगितलं, मी माल कसा तयार होतो ते सांगतो. 'ध'चा 'मा' करायला पूर्वी एक अक्षर पुरलं होतं, इथे दीड सेकंद पुरतो.

सगळ्यात जास्त कापला जातो तो वाक्याचा आधीचा भाग. "काही लोक म्हणतात की", "समजा एखादा म्हणाला", किंवा प्रेक्षकाचा प्रश्न मोठ्याने वाचून दाखवणं. हे चार शब्द उडाले की दुसऱ्याचं मत बोलणाऱ्याच्या तोंडी बसतं. दुसरी युक्ती क्लिपवर ठळक अक्षरांत छापलेल्या शब्दांची. आवाज अस्पष्ट असेल तिथे खाली जे लिहिलंय तेच कानाला ऐकू येतं, त्यामुळे एक शब्द चुकीचा छापला तरी हजारो लोक शपथेवर सांगतात की आम्ही स्वतः ऐकलं. तिसरं म्हणजे कापलेल्या जागी चेहरा किंचित मोठा करणं. जोड झाकायला ही झूम घालतात. साधा संपादकही ती शैली म्हणून वापरतो, त्यामुळे झूम म्हणजे लबाडीच असं नाही, पण तिथे थांबून बघावं.

तपासायचं असेल तर हेडफोन लावा आणि बोलण्याकडे दुर्लक्ष करून मागचा आवाज ऐका. पंखा, एसी, रस्त्यावरची घरघर. ती जिथे तुटते किंवा सूर बदलते तिथे कात्री लागलेली आहे. यूट्यूबवर व्हिडिओ थांबवून कीबोर्डवरची पूर्णविरामाची कळ दाबली की एक-एक फ्रेम पुढे जाते, स्वल्पविरामाने मागे. टेबलावरचा कप, केसांची बट, खिडकीतला उजेड एका फ्रेममध्ये उडी मारतो का ते बघा. मग मूळ व्हिडिओची ट्रान्सक्रिप्ट (बोलण्याची लेखी प्रत) उघडून त्यात क्लिपमधला एखादा वेगळा शब्द शोधा आणि त्याच्या आधीची व नंतरची दोन-दोन मिनिटं ऐका. या सगळ्याला दहा मिनिटं लागतात. (संदर्भासकट ऐकल्यावर प्रकरण जास्तच वाईट निघालं, असंही होतं. "संदर्भ तोडला" ही ओरड नेहमी खरी नसते.)

स्क्रीनशॉटवर तर अजिबात विश्वास नको. ब्राउझरमध्ये 'इन्स्पेक्ट' उघडून पोस्टचा मजकूर बदलायला अर्धा मिनिट लागतं आणि फॉन्ट, लोगो, निळी खूण सगळं अस्सल राहतं. लिंक मागा. ट्विटरच्या पोस्टची लिंक मिळाली की तिच्या शेवटच्या लांबलचक आकड्यातच वेळ दडलेली असते: तो आकडा २२ बिट उजवीकडे सरकवा, म्हणजे ४१,९४,३०४ ने भागून पूर्णांक घ्या, त्यात १२८८८३४९७४६५७ मिळवा. येणारं उत्तर म्हणजे १९७० च्या सुरुवातीपासूनचे मिलिसेकंद. पोस्ट डिलीट झालेली असली तरी ही वेळ काढता येते. स्क्रीनशॉटवरची वेळ बघणाऱ्याच्या टाइमझोनची असते एवढं लक्षात ठेवा, नाहीतर खरा स्क्रीनशॉट खोटा ठरवाल.

---

पडद्यामागे

खातं सांभाळणाऱ्याच्या बाजूने लिहितो.

पहिला तास: काहीही पोस्ट करू नका, पण हात बांधूनही बसू नका. सगळ्यात आधी शेड्यूल केलेल्या पोस्ट आणि चालू जाहिराती थांबवा. लोक संतापलेले असताना आपोआप पडलेली हसरी जाहिरात ही या क्षेत्रातली सगळ्यात नित्याची घोडचूक आहे, आणि तिचा स्क्रीनशॉट मूळ क्लिपपेक्षा जास्त फिरतो. मग पासवर्ड बदला, दुहेरी पडताळणी चालू आहे का ते बघा, जुन्या सहकाऱ्यांचे प्रवेश काढा. अशा दिवशी लॉगिन मोडायचे प्रयत्न वाढतात. मूळ रेकॉर्डिंग दोन ठिकाणी ठेवा. धमक्या येत असतील तर लिंक, तारीख, वेळ दिसेल असं स्क्रीन रेकॉर्डिंग करून ठेवा. तक्रार करताना नुसता स्क्रीनशॉट कमी पडतो.

डिलीट करायचं नाही. यूट्यूबवर 'प्रायव्हेट' केलं की व्हिडिओ, कमेंट, आकडेवारी जागेवर राहते आणि नंतर तीच लिंक पुन्हा उघडता येते. डिलीट केलं की सगळं गेलं, आणि आता संदर्भ दाखवायला तुमच्याकडेच मूळ पोस्ट नाही. 'अनलिस्टेड' (फक्त लिंक असलेल्यालाच दिसणारा) या कामाला निरुपयोगी, कारण लिंक आधीच सगळीकडे पसरलेली असते. चूक एखाद्याच वाक्यात असेल तर यूट्यूब स्टुडिओच्या एडिटरमध्ये तेवढा भाग कापता येतो, लिंक आणि व्ह्यूज कायम राहतात. मात्र कमाई चालू नसलेल्या चॅनलचा व्हिडिओ १ लाख व्ह्यूजच्या पुढे गेला असेल तर हा बदल जतन होईलच असं नाही. आणि कापलंत तर पिन केलेल्या कमेंटमध्ये तसं लिहा, गुपचूप कापलेलं हमखास पकडलं जातं.

मजकूरच इतका वाईट असेल की तो ठेवणंच चूक, तर अर्थात काढावा, पण त्याने प्रकरण मिटेल ही आशा सोडून. यूट्यूबर लोगन पॉलचा ३१ डिसेंबर २०१७ चा जपानच्या जंगलात मृतदेह दाखवणारा व्हिडिओ त्याने लगेच काढला, तरी प्रती फिरतच राहिल्या. यूट्यूबने त्याला महागड्या जाहिरातींच्या यादीतून वगळलं ते १० जानेवारीला. त्या मधल्या दहा दिवसांत शिक्षेत होत असलेली दिरंगाई हाच दुसरा वाद होऊन बसला होता.

कमेंट पूर्ण बंद करू नका, 'सगळ्या तपासणीसाठी रोखा' हा पर्याय निवडा. बंद केल्या की लोक दुसऱ्याच्या व्हिडिओखाली जमतात आणि तिथे तुमचं काहीच चालत नाही. शिवाय "कमेंट बंद करून पळाला" हा नवा मथळा तयार. इन्स्टाग्रामवर 'लिमिट' लावून फॉलो न करणाऱ्यांच्या आणि नुकतंच फॉलो केलेल्यांच्या कमेंट, मेसेज तात्पुरते बाजूला काढता येतात. बाहेरून आलेला लोंढा याच दोन गटांत असतो.

उत्तर: एकदाच, एकाच ठिकाणी, आणि शक्यतो लेखी. व्हिडिओतून समोरच्यांना पुन्हा कापायला माल मिळतो: चेहरा, उसासा, थंबनेलसाठी रडवेला क्षण. दीडशे शब्दांच्या मजकुरातून तसं काही काढता येत नाही. त्यात काय बोललं गेलं ते आडपडदा न ठेवता, चूक कुठली, कुणाला त्रास झाला, आणि कोणती गोष्ट कोणत्या तारखेपर्यंत बदलणार. "कुणाच्या भावना दुखावल्या असतील तर" हे वाक्य दिसलं की खोडा; त्यातला 'तर' सगळ्यांच्या डोळ्यांत खुपतो. व्हिडिओच करायचा असेल तर तीन मिनिटांच्या आत, एका सलग टेकमध्ये, सबटायटल स्वतः टाइप करून, जाहिराती बंद ठेवून. आणि वाद्य घेऊन बसू नका. जून २०२३ मध्ये यूट्यूबर कोलीन बॅलिंजरने युकुलेली (छोट्या गिटारसारखं वाद्य) वाजवत जवळपास दहा मिनिटं खुलासा गायला. मूळ आरोप बाजूला राहिले नाहीतच, वर त्या गाण्याचे मीम वर्षभर चालले.

आणि कमेंटमध्ये उतरून वाद घालू नका. वर तो ७५ चा आकडा दिलाय तो पुन्हा वाचा. आगीत तेल ओतणं म्हणतात ते हेच, फक्त इथे ते मोजून ओतलं जातं.

स्पॉन्सरला बातमीतून कळायच्या आधी तुम्ही मेल करा: लिंक, मूळ व्हिडिओतला मिनिट-सेकंद, तुमचं निवेदन, आणि त्यांच्या ठरलेल्या पोस्ट थांबवल्याची माहिती. करारात प्रतिमेला धक्का लागल्यास तो मोडण्याचं कलम असतं. ते वापरायचं की नाही हे पुष्कळदा या पहिल्या मेलच्या सुरावर ठरतं.

---

तिरकस

सगळं मान्य, पण वरचे तिन्ही प्रतिसाद वाचून असं वाटेल की इन्फ्लुएन्सर बिचारा आणि यंत्र खलनायक. अर्धे वाद खऱ्या लबाडीचे असतात हो.

ऑस्ट्रेलियन इन्फ्लुएन्सर बेल गिब्सनने मेंदूचा कॅन्सर आहारातून आटोक्यात ठेवल्याचं सांगत अॅप विकलं, पुस्तक विकलं. कॅन्सर नव्हताच. २०१७ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या न्यायालयाने तिला ४ लाख १० हजार ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड केला. तिला आधी वर नेलं तेही त्याच फीडने, तेव्हा कुणी तक्रार केली नव्हती. किम कार्दशियनचं प्रकरण तर शिकण्यासारखं आहे. क्रिप्टोच्या पोस्टवर तिने जाहिरात असल्याचा हॅशटॅग लावला होता. तरीही ऑक्टोबर २०२२ मध्ये अमेरिकेच्या एसईसीबरोबर (शेअर बाजार नियामक) १२.६ लाख डॉलरवर तडजोड करावी लागली, कारण त्या पोस्टसाठी २.५ लाख डॉलर मिळाल्याचं तिने जाहीर केलं नव्हतं. म्हणजे "जाहिरात असं लिहिलं की सुटलो" हा समज गुंतवणुकीच्या बाबतीत चालत नाही.

तेव्हा ७२ तासांच्या यादीत पहिला प्रश्न "हे खरं आहे का" हा घाला. खरं असेल तर निवेदन लिहिणारा नव्हे, वकील लागेल, आणि लोकांचे पैसे अडकले असतील तर ते परत करण्याची पद्धत त्याच निवेदनात लागेल.

---

दुवाशोधक

तिरकस, मुद्दा रास्त आहे. बाकी सगळ्यांचे आभार, भरपूर मिळालं. दोन गोष्टी राहिल्या. क्लिप खोटी कापलेली असेल तर मूळ व्हिडिओ आपलाच आहे म्हणून कॉपीराइटची तक्रार करून ती उतरवता येईल का? आणि वाद ओसरतोय हे आकड्यांत कसं ओळखायचं?

---

कात्री

जशीच्या तशी उचलून टाकलेली प्रत असेल तर करता येते. टीका करणारा व्हिडिओ असेल तर नका करू. अमेरिकेत एचथ्रीएचथ्री या यूट्यूब चॅनलविरुद्धच्या खटल्याचा निकाल २०१७ मध्ये याच मुद्द्यावर लागला. त्यांनी ५ मिनिटं २४ सेकंदांच्या मूळ व्हिडिओतले ३ मिनिटं १५ सेकंद वापरले होते, तरी मध्ये मध्ये थांबून केलेली टीका म्हणून न्यायालयाने तो वापर योग्य ठरवला. यूट्यूबवर समोरच्याने प्रतिदावा केला की तुमच्याकडे १० कामाचे दिवस उरतात. तेवढ्यात कोर्टात गेल्याचा पुरावा दिला नाही तर व्हिडिओ परत येतो. आणि तो परत येतो तेव्हा शीर्षक असतं "हा व्हिडिओ त्याला दाबायचा होता".

२००३ मध्ये गायिका बार्बरा स्ट्रायसँडने आपलं घर दिसतं म्हणून किनाऱ्याच्या एका छायाचित्रावरून दावा ठोकला. त्याआधी ते फक्त सहा वेळा डाउनलोड झालेलं होतं, त्यातले दोन तिच्याच वकिलांनी. दाव्यानंतरच्या महिन्यात त्या साइटवर चार लाखांहून जास्त लोक आले. हिशोब आजही तोच आहे, फक्त महिन्याऐवजी तास लागतात.

---

आकडेमोड

ओसरण्याबद्दल: एकूण व्ह्यूज बघू नका, ते सगळ्यात शेवटी खाली येतात. दर सहा तासांनी तीन आकडे लिहून ठेवा. नावाचा उल्लेख करणाऱ्या नव्या पोस्ट किती, त्यातल्या पहिल्यांदाच बोलणाऱ्या खात्यांच्या किती, आणि नवा मजकूर, म्हणजे नवी क्लिप, नवा आरोप, नवा साक्षीदार, असलेल्या किती. तिसरा आकडा सलग दोन वेळा शून्य आला की लोक जुनंच चघळतायत असं समजा, एकूण कितीही मोठं दिसो. तो शून्य असताना तुम्ही उत्तर टाकलंत तर नवा मजकूर तुम्हीच पुरवला.

स्टुडिओमध्ये 'सुचवलेले व्हिडिओ' आणि 'बाहेरून' या दोन स्रोतांचा वाटा बघा. वाद चढताना हे दोन फुगतात, उतरताना 'होम'चा वाटा नेहमीच्या जागेवर येऊ लागतो. सबस्क्रायबर नसलेल्यांचं बघण्याचं प्रमाणही त्याच वेळी खाली येतं. सबस्क्रायबर किती गेले हे बघताना शांत महिन्यात रोज किती जातात तो आकडा शेजारी ठेवा, नाहीतर रोजची गळतीही वादाच्या खात्यात जमा कराल. गूगल ट्रेंड्सवर सात दिवसांचा आलेख तासागणिक दिसतो, पण तो ० ते १०० असा सापेक्ष असतो. वेगळ्या दिवशी काढलेले दोन आलेख एकमेकांशी ताडून बघू नका.

दुसरा उंचवटा बहुतेक दोन कारणांनी येतो: स्वतःची माफी, किंवा काही आठवड्यांनी एखाद्या मोठ्या चॅनलचा तासाभराचा सविस्तर व्हिडिओ. पहिलं तुमच्या हातात आहे. दुसऱ्यासाठी नावाचे अलर्ट महिनाभर चालू ठेवा, चुकीच्या स्पेलिंगांसकट. घाईत लिहिणारे नाव बरोबर लिहीत नाहीत आणि तेच अलर्टमधून निसटतं.